रायडिंग मोअरवर कापणीची उंची: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बसून चालवायच्या मोअरची, म्हणजे लॉनचं गवत कापायच्या मशीनची उंची कशी लावायची, याबद्दल पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. प्रत्येक उत्तर सुटं वाचलं तरी चालेल. एखादी गोष्ट दुसरीकडे सविस्तर आली असेल तर तिथला क्रमांक दिला आहे. बारीक मापं सुतात आहेत. एक सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग, जवळपास ३ मिमी. तुमच्या मॉडेलची पुस्तिका वेगळं सांगत असेल तर पुस्तिकेचंच ऐका.

## सुरुवातीचे प्रश्न

१. उंची बदलतो तेव्हा मशीनमध्ये नेमकं काय हलतं?

अख्खा डेक हलतो. डेक म्हणजे मशीनच्या पोटाखालचं पत्र्याचं पालथं कवच. पाती त्याच्या आतल्या स्पिंडलवर, म्हणजे फिरत्या उभ्या दांड्यावर पक्की बसवलेली असतात, त्यामुळे ती स्वतंत्रपणे वर-खाली होत नाहीत. हा डेक चेसिसला, म्हणजे मशीनच्या सांगाड्याला, लिंकांनी टांगलेला असतो, कड्यांच्या झोपाळ्यासारखा: एक कडी आखूड झाली की पाट कलतो. लिव्हर ओढली की दांडे फिरतात, लिंका वर ओढल्या जातात आणि डेक उचलला जातो. उंचीच्या बहुतेक तक्रारींचं मूळ या लिंकांत किंवा टायरांत सापडतं, लिव्हरमध्ये क्वचितच.

उचलायची सोय मशीनप्रमाणे वेगळी असते. साध्या लॉन ट्रॅक्टरला सीटशेजारी खाचांची लिव्हर, झिरो टर्नला, म्हणजे जागच्या जागी वळणाऱ्या मशीनला, पायाचं पेडल आणि पिन (प्र. ६), मोठ्या मशीनला हायड्रॉलिक किंवा विजेवर चालणारी लिफ्ट. टांगणीचं तत्त्व मात्र बहुतेक ठिकाणी हेच.

२. लिव्हरवर ३ आकडा आहे. म्हणजे तीन इंच ना?

गृहीत धरू नका. काही मशीनवर आकडे खरोखर इंचांचे असतात, काहींवर तो नुसता खाचेचा क्रमांक असतो. समजा डेकचा पल्ला १ ते ४ इंच आहे आणि खाचा सात आहेत. मग दर खाचेला अर्धा इंच पडतो आणि तिसरी खाच येते दोन इंचांवर. तीन इंच समजून दोन इंचांवर कापलं, तर एका फेरीत लॉन पिवळं दिसायला लागतं.

आकडे इंचांचे असले तरी ते टायरात योग्य हवा, डेक सरळ आणि पाती धड असलेल्या मशीनसाठी असतात. म्हणून एकदा खरी उंची मोजा (प्र. ७) आणि खाचेशेजारी पक्क्या मार्करने लिहून ठेवा. पुढे प्रत्येक वेळी अंदाज करत बसावं लागत नाही.

३. उंची बदलताना इंजिन बंद करावंच लागतं का?

काम कुठे करताय त्यावर आहे. सीटवर बसून नुसती लिव्हर किंवा पेडल हलवायचं असेल, तर पाती बंद करा, ती थांबेपर्यंत थांबा आणि मग खाच बदला. पाती फिरत असताना डेक खाली सोडला की तो झटकन बसतो आणि पातं मातीत किंवा दगडावर जाऊ शकतं. अमेरिकी मानकात पात्याच्या टोकाच्या वेगाची कमाल मर्यादा मिनिटाला १९,००० फूट आहे. त्याच्या जवळपासच्या वेगात एखादा खडा सापडला तर तो कुठे जाईल याचा नेम नाही.

डेकच्या जवळ हात न्यायचा असेल तर प्रश्नच नाही. पार्किंग ब्रेक लावा, इंजिन बंद करा, किल्ली काढून खिशात ठेवा आणि स्पार्क प्लगची वायर काढून बाजूला करा. वायर काढायचं कारण साधं आहे: पातं हाताने फिरवताना काही मशीनमध्ये इंजिनही फिरू शकतं. बॅटरीवर चालणाऱ्या मोअरला प्लग नसतो. तिथे किल्ली काढून बॅटरी तोडायचा स्विच बंद करा किंवा कनेक्टर काढा. हातात जाड मोजे हवेतच, कारण बोथट दिसणारं पातंही कापतं.

४. मी किती उंचीवर कापू?

गवताच्या जातीवर ठरतं. फिरत्या पात्याच्या मोअरसाठी साधारण असं धरा: हरळी म्हणजे बर्म्युडा १ ते २ इंच, झोयसियाही तेवढीच, सेंट ऑगस्टीन अडीच ते ४, केंटकी ब्लूग्रास अडीच ते साडेतीन, टॉल फेस्क्यू ३ ते ४, पेरेनियल राय २ ते ३. जात ओळखता येत नसेल तर तीन इंचांपासून सुरू करा.

हा फरक का? हरळी आणि झोयसिया आडव्या पसरतात. त्यांचे धावते कोंब जमिनीलगत असतात, त्यामुळे वरून बरंच कापलं तरी खालून फुटवा येतो. फेस्क्यू झुबक्याने वाढतं, त्याचं अन्न बनवायचं सगळं काम उभ्या पानावर चालतं. पान आखूड केलं की मुळंही आखडतात, जमीन उघडी पडते, ऊन थेट मातीपर्यंत पोचतं आणि तणाच्या बियांना आयतं निमंत्रण मिळतं.

दिलेल्या पल्ल्यात कुठे राहायचं? माझं मत वरच्या टोकाकडे झुकतं. अगदी आखूड कापलेलं लॉन दोन दिवस छान दिसतं, पण त्यासाठी जमीन सपाट, पाती धारदार आणि कापणी वारंवार लागते. या तिन्ही गोष्टी एकत्र फार थोड्या जणांना जमतात.

५. "एक तृतीयांशपेक्षा जास्त कापू नका" म्हणतात. हिशेब कसा करायचा?

ठेवायच्या उंचीची दीडपट. दोन इंचांवर ठेवायचं असेल तर तीन इंच झालं की कापा. तीनवर ठेवायचं असेल तर साडेचारला. याचा अर्थ उंची आणि कापणीचा दिवस या दोन गोष्टी एकमेकींना बांधलेल्या आहेत. दीड इंचावर ठेवणाऱ्याला फक्त पाऊण इंच वाढीची मुभा आहे, आणि जोराच्या वाढीत ती पाचव्या-सहाव्या दिवशीच संपू शकते. तीन इंचांवर ठेवणाऱ्याला दीड इंच मिळतो. आठवड्यातून एकदाच वेळ मिळत असेल तर खाच वर नेणं हाच व्यवहारी उपाय. गवत आधीच हाताबाहेर गेलं असेल तर प्र. १७ पाहा.

६. माझी मशीन झिरो टर्न आहे, लिव्हरच नाही. उंची कुठे बदलू?

बहुतेकांना पायाने दाबायचं पेडल आणि जवळच भोकांची पट्टी किंवा चकती असते. पाती बंद करून पेडल पूर्ण दाबा. डेक सर्वांत वर जाऊन कुलपात बसतो. हव्या त्या भोकात पिन घाला, कुलूप सोडा आणि पेडल हळूहळू वर येऊ द्या. डेक पिनेवर येऊन थांबतो. भोकं साधारणपणे पाव-पाव इंचाच्या अंतराने असतात, त्यामुळे इथे लिव्हरपेक्षा बारीक उंची लावता येते. पाय एकदम काढू नका. सगळा डेक त्या एका पिनेवर आदळतो, आणि हे रोज झालं की पिन वाकते किंवा भोक लांबट होतं. मग प्र. १५ ची तक्रार सुरू होते.

## मोजमाप आणि सरळ करणं

७. खरी उंची मोजायची कशी?

पात्याच्या टोकापासून. डेकच्या कडेपासून मोजलेला आकडा उपयोगाचा नाही, कारण कडा पात्यापेक्षा खाली असते आणि किती खाली ते मॉडेलप्रमाणे बदलतं.

मशीन सपाट, कडक फरशीवर किंवा काँक्रीटवर उभी करा. लॉनवर मोजू नका. टायर एकसारखे रुतत नाहीत. आधी टायरची हवा बघा (प्र. ८). प्र. ३ प्रमाणे सगळं बंद करा. डेक त्याच खाचेत ठेवा ज्यात तुम्ही नेहमी कापता. काही पुस्तिका डेक सरळ करताना विशिष्ट खाच सांगतात, तर त्या कामापुरती ती घ्या. डेकची छोटी चाकं फरशीला टेकलेली नाहीत ना ते पाहा. टेकली असतील तर डेकचं वजन त्यांनी घेतलंय आणि मोजमाप खोटं येणार. ती वरच्या भोकात सरकवा.

आता कचरा टाकायच्या बाजूने हात घालून पातं हळू फिरवा. पात्याची धार बाहेरच्या टोकाशी असते. त्या धारेपासून फरशीपर्यंत पट्टीने मोजा. जागा अडचणीची असते आणि उभी पट्टी मावत नाही. छोटी गुन्या किंवा कापलेली लाकडी खिट्टी सोयीची पडते. तीन इंचांची एक खिट्टी करून ठेवली की पुढे नुसती सरकवून बघायची: धार टेकली की झालं.

लगेच तेच पातं अर्धा फेरा फिरवून दुसरं टोकही त्याच जागी मोजा. दोन टोकांत एका सुतापेक्षा जास्त फरक आला तर पातं वाकलेलं आहे. ते बदला. ठोकून किंवा वेल्डिंग करून सरळ करायच्या भानगडीत पडू नका, त्या वेगात ते तुटू शकतं. पातं वाकलेलं असताना डेक सरळ करत बसणं म्हणजे नुसती दमछाक.

८. टायरच्या हवेचा उंचीशी काय संबंध?

थेट संबंध आहे. डेक चेसिसला टांगलेला, चेसिस टायरांवर उभी. मागचा उजवा टायर बसका असेल तर उजवी बाजू खाली येते आणि आपण उगाच नट फिरवत बसतो. लॉन ट्रॅक्टरला पुढे १४ पीएसआय आणि मागे १० पीएसआय असे आकडे बरेचदा दिसतात, पण तुमचा आकडा पुस्तिकेत किंवा टायरच्या कडेवर बघून घ्या. आकड्याइतकंच डावं आणि उजवं सारखं असणं महत्त्वाचं. दाब इतका कमी असतो की मोटारीचा मीटर इथे नीट वाचत नाही. कमी दाबाचा मीटर वापरा.

९. डेक एका बाजूला कललाय. डावी-उजवी कशी जुळवायची?

पाती आडवी करा, म्हणजे टोकं डाव्या-उजव्या बाजूला येतील. डाव्या पात्याचं डावं टोक आणि उजव्या पात्याचं उजवं टोक, दोन्ही फरशीपासून मोजा. फरक एका सुताच्या आत हवा. काही उत्पादक दोन सूत चालवून घेतात.

जास्त असेल तर एका बाजूच्या लिंकवरचा लॉक नट सैल करा आणि समायोजनाचा नट फिरवा. कुठल्या दिशेने फिरवल्यावर डेक वर येतो हे मॉडेलवर आहे, म्हणून आधी एकच फेरा द्या आणि पुन्हा मोजा. दोन्ही बाजूंना एकदम हात घालू नका. एक बाजू स्थिर ठेवून दुसरी तिच्याशी जुळवली की काम लवकर संपतं. प्रत्येक बदलानंतर डेक एकदा पूर्ण वर उचलून परत त्याच खाचेत आणा. लिंकांतला ढिलेपणा बसतो आणि खरा आकडा मिळतो.

१०. पुढची बाजू खाली हवी म्हणतात. मुद्दाम वाकडा का ठेवायचा?

एकाच पात्याने गवत दोनदा कापू नये म्हणून. पातं फिरताना पुढच्या अर्ध्या फेऱ्यात कापतं, मागच्या अर्ध्या फेऱ्यात त्याच कापलेल्या गवतावरून जातं. डेक अगदी सपाट असेल तर मागची धार पुन्हा घासते: इंजिनावर ओढ वाढते, कचरा नीट बाहेर पडत नाही. मागची बाजू खाली असेल तर त्याहून वाईट.

पाती उभी करा, म्हणजे एक टोक पुढे आणि एक मागे. पुढचं टोक मागच्यापेक्षा एक ते तीन सूत खाली हवं. नेमका आकडा पुस्तिकेत असतो. पुढच्या लिंकवर नट असतात. दोन असतील तर दोन्हींना सारखेच फेरे द्या, नाहीतर आत्ता जुळवलेली डावी-उजवी बाजू बिघडेल. शेवटी ती पुन्हा तपासाच. मल्चिंगच्या (कापलेलं गवत डेकच्या आतच बारीक चिरून लॉनवर सोडण्याच्या) काही किटसोबत जवळजवळ सपाट डेक सांगितलेला असतो, तिथे तसं करा.

दोन पात्यांच्या काही डेकमध्ये दातेरी पट्टा असतो आणि पाती एकमेकांना काटकोनात बांधलेली राहतात. ती स्वतंत्र फिरत नाहीत, म्हणून एकेक पातं आणून एकेका ठिकाणी मोजावं लागतं. दाता सरकवून पाती "सोयीची" करायचा विचारही नको. कोन बदलला की पाती एकमेकांवर आदळतील.

११. डेकच्या कडेची छोटी चाकं कशासाठी? ती जमिनीला टेकलेली हवीत का?

बहुतेक मशीनवर नाही. उंचवटा आला की डेकची कडा जमिनीत घुसू नये, एवढंच त्यांचं काम. सपाट जागी ती जमिनीपासून पाव ते अर्धा इंच वर असावीत. सतत टेकलेली राहिली तर डेकचं वजन त्यांच्यावर येतं, लिंका सैल पडतात, आणि खाच कुठलीही असली तरी उंची चाकंच ठरवतात.

इथेच बरेच जण फसतात. डेक तीन इंचांवरून दोनवर आणला की चाकंही इंचभर खाली येतात आणि टेकतात. खाच बदलली की चाकांची भोकंही बदला. "एका खाचेनंतर उंची कमीच होत नाही" ही तक्रार असेल तर आधी इथे बघा. काही मशीनवर याचा उलट नियम आहे, तो प्र. २२ मध्ये.

## नेहमीच्या तक्रारी

१२. उंची बरोबर आहे, तरी उंचवट्यांवर गवत भादरलं जातं.

मशीनचा दोष नाही, भूमितीचा आहे. चाकं उंचवट्याच्या दोन बाजूंना, डेक मधोमध. माथा डेकच्या पोटात शिरतो. डेक जितका रुंद तितका हा त्रास जास्त. एक खाच वर घ्या, छोटी चाकं योग्य भोकात आहेत ना बघा, आणि उंचवट्यावरून आडवं न जाता तिरकं जाऊन पाहा. दर वेळी त्याच चाकोरीने कापत असाल तर दिशा बदला. चाकोरी खोल गेली की चाकं खाली आणि मधली जमीन वर, असा उंचवटा आपणच तयार करतो. एखादाच टेंगळासारखा भाग असेल तर फावडं घेऊन तो सपाट करणं सगळ्यांत स्वस्त.

१३. दोन फेऱ्यांच्या मध्ये पायरी दिसते, किंवा मधोमध गवताची रेघ राहते. उंची वाढवू की कमी करू?

दोन्ही नको. पायरी म्हणजे डेक डावी-उजवीकडे कललाय (प्र. ९). हे ओळखायची खूण: शेजारच्या दोन फेऱ्या एकाच दिशेने कापल्या तर पायरी ठळक दिसते, विरुद्ध दिशेने कापल्या तर जवळजवळ नाहीशी होते.

मधोमधची उभी रेघ पात्यांच्या सांध्यात राहते. पात्यांची टोकं झिजून गोल झाली की दोन पात्यांची कापायची वर्तुळं एकमेकांवर पुरेशी चढत नाहीत. इंजिन पूर्ण थ्रॉटलवर नसेल, गवत दाट असेल किंवा मशीन जोरात पळवत असाल तरीही असंच होतं. आधी थ्रॉटल पूर्ण, वेग निम्मा करून एक फेरी मारा. रेघ गेली तर पाना उचलायची गरज नाही.

१४. कापल्यावर दुसऱ्या दिवशी लॉन पांढरट-करडं दिसतं. फार आखूड कापलं का?

वाकून एक पान जवळून बघा. टोक सरळ, स्वच्छ कापलेलं असेल आणि खालचा पिवळा देठ दिसत असेल, तर हो, आखूड झालं. टोकाला चिंधी झाली असेल, बारीक धागे लोंबत असतील, तर पातं बोथट आहे. ते कापत नाही, फाडतं. फाटलेलं टोक वाळून करडं होतं आणि लांबून सगळं लॉन उतरल्यासारखं वाटतं. पातं धार लावून, तोल साधून परत लावा. लावताना वर वळलेला पंखा डेकच्या बाजूला, म्हणजे वर. उलटं लागलेलं पातं कुठल्याही खाचेत नीट कापत नाही, आणि ही चूक वाटते त्याहून जास्त वेळा होते.

१५. लिव्हर खाचेतून घसरते, नाहीतर इतकी जड झालीय की उचलवत नाही.

घसरत असेल तर खाचेचे दात किंवा अडकणारा खिळा झिजलाय, नाहीतर लिव्हरच्या बटणाखालची स्प्रिंग दुबळी झालीय. तात्पुरतं तारेने बांधून चालवू नका. डेक अचानक पडला की पातं मातीत जातं.

जड झाली असेल तर आधी डेकवर आणि लिंकांभोवती साठलेलं वाळकं गवत खरवडून काढा. ओला चिखल आणि गवत मिळून बरंच वजन होतं. सांध्यांना तेल किंवा ग्रीस द्या, तेही पुस्तिकेत सांगितलेल्या ठिकाणीच. मोठ्या डेकला उचलायला मदत करणारी स्प्रिंग असते. ती तुटली किंवा हुकातून सुटली की सगळं वजन हातावर येतं. ती ताणलेली असते, पक्कडीने खेचून बसवताना सुटली तर तोंडावर येते. योग्य अवजार नसेल तर हे काम मेकॅनिकला द्या.

१६. सर्वांत वरच्या खाचेत पाती सुरू केली की पट्टा किंचाळतो.

डेक वर गेला की इंजिनाची पुली आणि डेकची पुली यांच्यातला कोन बदलतो. काही मशीनमध्ये सर्वांत वरची जागा फक्त ने-आण करण्यासाठी असते, कापण्यासाठी नाही. पुस्तिकेत तसं लिहिलेलं असतं. तसं नसेल तर पट्टा झिजलाय किंवा ताण देणारी पुली अडकतेय.

## अपवाद आणि अडचणीचे प्रश्न

१७. महिनाभर कापलं नाही, गवत गुडघ्याला आलंय. नेहमीच्या खाचेत एकदाच उरकू का?

नको. आधी चालून बघा: दगड, तार, पाइप, फांद्या उचला, उंच गवतात काहीच दिसत नाही. पहिली फेरी सर्वांत वरच्या कापायच्या खाचेत, थ्रॉटल पूर्ण, वेग अगदी कमी, आणि डेकच्या निम्म्या रुंदीनेच गवत घ्या. कचरा कापलेल्या बाजूला पडेल असं फिरा. मग तीन-चार दिवस थांबून एक खाच खाली. नेहमीच्या उंचीला यायला दोन-तीन कापण्या लागतील. खरं गुडघाभर असेल तर लॉनचं मशीन त्यासाठी नाहीच. आधी ब्रशकटरने खाली आणा.

१८. कडक ऊन, सावली, नवीन पेरलेलं गवत: यांत उंची बदलायची का?

तिन्हींत वर जायचं. उन्हाच्या तडाख्यात अर्धा ते एक इंच वर ठेवलं की पानांची सावली मातीवर पडते आणि ओल टिकते. गवत पाण्याअभावी सुकून निपचित पडलं असेल तर कापूच नका. झाडाखाली प्रकाश कमी, म्हणून तो पकडायला पान जास्त हवं. नवीन पेरणीला पहिली कापणी ठेवायच्या उंचीपेक्षा साधारण एक तृतीयांश वर गेल्यावर, कोरड्या जमिनीवर आणि ताज्या धारेच्या पात्याने. बोथट पातं कोवळी रोपं मुळासकट उपटतं.

१९. मल्चिंग करतो तेव्हा उंची वेगळी ठेवू का?

एक खाच वर. डेकच्या आत गवत पुन्हा पुन्हा चिरायला जागा लागते. जास्त कापलं की गोळे पडतात. एक तृतीयांशचा नियम इथे आणखी काटेकोरपणे पाळा, आणि ओलं गवत मल्च करायचा हट्ट धरू नका.

२०. मागची पिशवी भरत आली की कापणी बदलल्यासारखी वाटते. भास आहे का?

भास नाही. ओल्या गवताने भरलेल्या पिशव्यांचं वजन मागच्या धुरीच्याही मागे पडतं. मागचे टायर दबतात, पुढची चाकं हलकी होतात आणि प्र. १० मधला पुढचा उतार कमी होतो. पिशव्या निम्म्या-पाऊण भरल्या की रिकाम्या करा, आणि पुढचं वजन लावायची सोय दिलेली असेल तर ते लावा. चढावर हलकी झालेली पुढची चाकं वळायचं ऐकत नाहीत, म्हणून हा फक्त दिसण्याचा प्रश्न नाही.

२१. गोल्फच्या मैदानासारखं एक इंचाखाली कापता येईल का?

रायडिंग मोअरच्या फिरत्या पात्याने नाही. तिथे रील मोअर लागतो: गोल ड्रमवरची पाती खालच्या स्थिर पट्टीवर कात्रीसारखी घासून कापतात. फिरतं पातं इतकं खाली आणलं की प्रत्येक बारीक उंचवटा सोलला जातो.

२२. आमच्या पुस्तिकेत डेकची चाकं जमिनीवरच टेकवा असं लिहिलंय. प्र. ११ चुकीचा आहे का?

दोन वेगळ्या रचना आहेत. छोट्या ट्रॅक्टरखाली लागणारे काही डेक जमिनीवर चाकांनी धावतात. लिंका फक्त त्यांना ओढतात. तिथे कापणीची उंची चाकांच्या भोकांवर किंवा वॉशरांवरच ठरते आणि लिफ्टची लिव्हर निव्वळ उचलण्यासाठी असते. अशा डेकला चारही चाकं एकाच भोकात हवीत आणि टायरची हवा तितकी निर्णायक नसते. आपला डेक कुठल्या प्रकारचा हे पटकन कळतं: कापायच्या जागी डेकची कडा हाताने वर उचलून बघा, मशीन अर्थात बंद ठेवून. चाकं आधी टेकलेली असतील आणि लिंकांत मोकळा खेळ असेल, तर तो जमिनीवर धावणारा.

२३. पाती नवी, डेक सरळ, तरी मधलं पातं एक-दोन सूत खाली कापतं.

लिंकांनी हे कधीच सुटणार नाही, कारण लिंका सगळा डेक हलवतात. मधल्या पात्याचं टोक धरून वर-खाली हलवा. खडखड झाली तर स्पिंडलचं बेअरिंग गेलंय. खेळ नसेल, पण पातं फिरवताना टोकाची उंची पुढे-मागे बदलत असेल, तर स्पिंडलचा दांडा वाकलाय किंवा त्याच्या बैठकीभोवतीचा पत्रा चिरलाय. दगडाला किंवा झाडाच्या बुंध्याला दणका बसल्यानंतर हे होतं. पत्र्याची चीर गवताखाली झाकलेली असते. डेक धुऊन, कोरडा करून, बॅटरीच्या उजेडात बोल्टांच्या भोवती पाहा.

२४. उतारावर उंची वेगळी लागते का?

एक खाच वर ठेवा. उतारावर वजन खालच्या बाजूच्या टायरांवर जातं, ती बाजू दबते आणि डेकची तीच कडा खाली येते. लॉन ट्रॅक्टर उतारावर सरळ वर-खाली चालवायचा, आडवा नाही. बऱ्याच पुस्तिकांत कमाल उतार १५ अंशांचा दिलेला असतो: दहा फूट आडव्या अंतराला सुमारे पावणेतीन फूट चढ. त्याहून तीव्र जागी रायडिंग मोअर नेऊच नका. उतारावर जाण्याआधी, सपाटीवर असतानाच उंची लावा. मध्येच लिव्हरशी झटापट करायला लागलात तर एक हात स्टिअरिंगवरून सुटतो.